ग्वेनलियन: या वेल्श नावाबद्दल मराठी लोक नेहमी विचारतात ते प्रश्न

वेल्समध्ये राहणाऱ्या मराठी लोकांच्या पोरांच्या वर्गात एखादी तरी ग्वेनलियन (Gwenllian) असू शकते, आणि मग घरी व्हिडिओ कॉलवर आजी विचारते, "काय म्हणालास? ग्वेन काय?" तिथून प्रश्न सुरू होतात ते थांबतच नाहीत. बेबी नेम्सच्या साइटवर या नावापुढे एका ओळीत "गोरी, सुंदर, लिनन" असं काहीतरी लिहून मोकळे होतात. माझं स्पष्ट मत आहे की या नावाचा अर्थ ही त्यातली सगळ्यात किरकोळ गोष्ट आहे. खरी गंमत उच्चारात आहे आणि ज्या दोन बायकांमुळे हे नाव टिकलं त्यांच्या गोष्टीत आहे.

हे नाव नक्की कुठलं? इंग्लिश आहे का?

इंग्लिश अजिबात नाही. वेल्श भाषेतलं आहे, आणि वेल्श ही इंग्लिशची बोली वगैरे नाही, पूर्ण वेगळी केल्टिक भाषा आहे, फ्रान्सच्या टोकाला बोलतात ती ब्रेटन तिची जवळची बहीण. 2021 च्या जनगणनेत वेल्समध्ये तीन वर्षांपुढच्या साधारण 5 लाख 38 हजार लोकांनी आपल्याला वेल्श बोलता येतं असं सांगितलं, म्हणजे 17.8 टक्के. तेव्हा जगात या नावाच्या मुली किती असणार याचा अंदाज येईलच. वेल्समध्ये नाव ऐकून कुणी चमकत नाही, पण बॉर्डर ओलांडून इंग्लंडमध्ये गेलं की दर वेळी स्पेलिंग सांगावं लागतं.

उच्चार कसा करायचा? आम्ही "ग्वेनेलियन" म्हणतो ते चालेल का?

चालेल म्हणजे लोक समजून घेतात, पण थोडी मेहनत घेतलीत तर जमण्यासारखं आहे. आधी "ग्वेन" हे एका झटक्यात म्हणायचं, "ग-वेन" असं तोडायचं नाही. मग येतो तो प्रसिद्ध डबल एल. वेल्शमध्ये डबल एल हे एकच अक्षर धरतात, डिक्शनरीत त्याचा वेगळा विभाग असतो, आणि वेल्श शब्दकोडं सोडवताना ते एकाच चौकोनात लिहितात!

आवाज काढायची पद्धत: "ल" म्हणायला जीभ जिथे टेकवता तिथेच टेकवा, घशातून आवाज न काढता जिभेच्या कडेने नुसती हवा सोडा, गरम चहावर फुंकर मारल्यासारखी पण तोंडाच्या बाजूने. आपल्याकडे कोल्हा, कोल्हापूर यात जो "ल्ह" आहे तो जवळपास जातो, फक्त आपला ल्ह घोगरा आणि वेल्शचा निव्वळ कुजबुजीतला. त्यामुळे मराठी माणसाला इंग्रजापेक्षा हे सोपं जातं असं मी छातीठोकपणे सांगतो. इंग्रज लोक तिथे "थ्ल" नाहीतर "क्ल" करतात. जुन्या काळी "फ्ल" करायचे, म्हणूनच ल्हविद (Llwyd) या वेल्श नावाचं एक इंग्रजी रूप लॉइड झालं आणि दुसरं फ्लॉइड.

जोर मधल्या भागावर द्यायचा, ग्वेन-ल्हि-अन. वेल्शमध्ये बहुतेक शब्दांत शेवटून दुसऱ्या अवयवावर जोर असतो, हा एक नियम लक्षात ठेवला की निम्मी नावं बरोबर म्हणता येतात.

बरं, अर्थ काय?

पहिला भाग "ग्वेन", म्हणजे पांढरी, उजळ, पवित्र. "ग्विन" या विशेषणाचं ते स्त्रीलिंगी रूप. दुसऱ्या भागाबद्दल दोन मतं चालतात. एक म्हणजे लिनन, जवसाच्या धाग्याचं कापड. दुसरं म्हणजे "ल्हियंट", वाहतं पाणी, लोंढा. पहिलं जास्त ऐकू येतं. आजच्या वेल्शमध्ये "ल्हियाइन" म्हणजे कापड, टॉवेल, टेबलावरची चादर, त्यामुळे वेल्श मुलं शाळेत या नावाच्या मैत्रिणीला "टेबलक्लॉथ" म्हणून चिडवत असतील तर मला नवल वाटणार नाही.

म्हणजे "गोरी" असाच अर्थ झाला ना?

हा प्रश्न आपल्याच लोकांकडून सगळ्यात जास्त येतो, का येतो ते आपल्याला माहीतच आहे. रंगाचा अर्थ नाही असं नाही, पण वेल्शमध्ये "ग्विन" शब्दाला धन्य, पुण्यवान अशीही छटा आहे. वेल्श बायबलमध्ये येशूच्या डोंगरावरच्या प्रवचनात "धन्य ते" असं जिथे येतं तिथे वेल्शमध्ये "ग्विन इ बीद" आहे, म्हणजे शब्दशः "पांढरं त्यांचं जग". सहाव्या शतकापासूनच्या कितीतरी वेल्श संतिणींच्या नावात हा ग्वेन सापडतो. तेव्हा सावळ्या मुलीला हे नाव शोभणार नाही वगैरे कुणी म्हणालं तर त्यांना हे ऐकवा.

इतिहासात ग्वेनलियन नावाची राणी होती म्हणे?

एक नाही, बऱ्याच. मध्ययुगात हे वेल्समधलं अगदी रुळलेलं नाव होतं, राजघराण्यात तर पिढ्यान्‌पिढ्या. पण लोक ज्या दोघींबद्दल बोलतात त्यांची कायम सरमिसळ होते. एक लढून मेली, 1136 साली. दुसरी त्यानंतर जवळजवळ दीडशे वर्षांनी जन्मली आणि तिला लढायची संधीच मिळाली नाही. दोघी एकच समजून लिहिलेल्या पोस्ट मी मराठीतही पाहिल्यात, म्हणून खाली दोघींबद्दल वेगवेगळं लिहितोय.

पहिलीची, म्हणजे लढणारीची गोष्ट सांगा.

ग्वेनलियन व्हेर्ख ग्रिफिद ("व्हेर्ख" आणि "अप" म्हणजे काय ते खाली येतं). 1100 च्या आसपासचा जन्म, उत्तर वेल्समधल्या ग्विनेदचा राजा ग्रिफिद अप कनान याची मुलगी. लग्न झालं दक्षिणेतल्या देहेइबार्थच्या ग्रिफिद अप ऱ्हीसशी (होय, बापाचं आणि नवऱ्याचं नाव एकच, वेल्श इतिहास वाचताना याची सवय करून घ्यावी लागते). दक्षिणेत तेव्हा नॉर्मन, म्हणजे फ्रान्समधून येऊन इंग्लंड जिंकलेल्या, सरदारांनी किल्ले बांधून जमिनी बळकावल्या होत्या आणि नवऱ्याच्या हातात राज्य असं फारसं राहिलंच नव्हतं.

1 डिसेंबर 1135 ला इंग्लंडचा राजा पहिला हेन्री मेला, गादीसाठी त्याचा भाचा स्टीफन आणि मुलगी माटिल्डा यांचं भांडण पेटलं, आणि वेल्श लोकांनी ओळखलं की हीच वेळ आहे. नव्या वर्षाच्या पहिल्याच दिवशी स्वान्सीजवळच्या गावर भागात त्यांनी नॉर्मनांना झोडपलं. मग ग्रिफिद सासऱ्याकडे उत्तरेला मदत मागायला गेला आणि तो तिकडे असतानाच किडवेलीचा नॉर्मन सरदार मॉरिस ऑफ लंडन याच्याशी गाठ पडली ती ग्वेनलियनची. तिने जमेल तेवढी माणसं गोळा केली, स्वतः पुढे झाली, सोबत मॉर्गन आणि माइलगुन ही दोन मुलं. किडवेलीच्या किल्ल्याजवळ लढाई झाली आणि ती हरली. मॉर्गन मारला गेला, माइलगुन पकडला गेला, आणि ग्वेनलियनचा शिरच्छेद झाला.

ती जागा आजही माइस ग्वेनलियन, म्हणजे ग्वेनलियनचं मैदान, म्हणून ओळखतात. किडवेलीच्या किल्ल्याच्या दरवाज्याबाहेर तिच्या नावाचा दगडी स्मृतिस्तंभ आहे, लोक त्याच्याबरोबर फोटो काढतात आणि मागचा भव्य दगडी किल्ला बघून "इथेच लढली" म्हणतात, पण तिच्या काळात तिथे माती आणि लाकडाचं बांधकाम होतं, हे दगडी प्रकरण नंतरच्या शतकांतलं. ती पडली तिथे झरा फुटला, तिचं बिनमुंडक्याचं भूत फिरायचं, अशा दंतकथा आहेत त्या आहेतच.

त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये कार्डिगनजवळ क्रिग माउरला तिच्या भावांनी आणि नवऱ्याने मिळून नॉर्मनांचा पार धुव्वा उडवला. "ग्वेनलियनचा बदला" अशी आरोळी वेल्श सैनिक पुढे देत असं सांगतात.

हे सगळं खरं कशावरून?

चांगला प्रश्न, कुणी विचारत नाही. किडवेलीच्या लढाईत तिने सैन्याचं नेतृत्व केलं हे आपल्याला कळतं ते मुख्यतः गेराल्ड ऑफ वेल्स या पाद्र्याच्या लिखाणातून. त्याने 1188 मध्ये धर्मयुद्धासाठी माणसं जमवायला वेल्सभर फेरी मारली आणि त्या प्रवासाचं वर्णन लॅटिनमध्ये लिहिलं, त्यात तिला ॲमेझॉनांच्या, म्हणजे ग्रीक पुराणातल्या लढवय्या बायकांच्या, राणीची उपमा दिलीय. म्हणजे घटनेनंतर पन्नासेक वर्षांनी लिहिलेलं. पण गेराल्ड काही तिऱ्हाईत नव्हता. त्याची आजी नेस्ट ही ग्वेनलियनच्या नवऱ्याची बहीण, म्हणजे ग्वेनलियन ही त्याच्या आजीची भावजय लागते! घरात ऐकलेली गोष्ट असणार. त्यामुळे मी तरी मूळ प्रसंगावर विश्वास ठेवतो आणि तपशिलांवर थोडा कमी.

"वेल्सची झाशीची राणी" म्हणावं का?

नको हो. प्रत्येक तलवारवाल्या बाईला हे बिरूद लावायची आपल्याला खोड आहे. तिची गोष्ट तिच्या नावाने उभी राहते.

तिने मबिनोगी लिहिलं असं वाचलं, ते?

मबिनोगीच्या चार शाखा म्हणजे वेल्श भाषेतल्या सगळ्यात जुन्या आणि गाजलेल्या गद्य कथा, लेखक अज्ञात. अँड्र्यू ब्रीझ नावाच्या अभ्यासकांनी असं मांडलं की त्या ग्वेनलियनने रचल्या असाव्यात. बाकीच्या बहुतेक जाणकारांना ते पटलेलं नाही. ऐकायला छान वाटतं, पण मुलीच्या बारशाच्या पत्रिकेत छापू नका.

आता दुसरी ग्वेनलियन?

ही गोष्ट मला जास्त लागते, खरं सांगायचं तर. जून 1282, उत्तर किनाऱ्यावरचं अबेरग्विनग्रेगिन. वेल्सचा राजा, तिथे प्रिन्स म्हणत, ल्हवेलिन अप ग्रिफिद आणि एलेनॉर द माँटफर्ट यांना मुलगी झाली. एलेनॉर बाळंतपणातच गेली. ती इंग्लंडच्या राजाची, पहिल्या एडवर्डची सख्खी आतेबहीण. त्याच एडवर्डबरोबर तेव्हा युद्ध चालू होतं. 11 डिसेंबरला किलमेरीजवळ ल्हवेलिन मारला गेला. मुलगी सहा महिन्यांची. काका डाविदने लढा चालू ठेवला, पुढच्या जूनमध्ये तोही सापडला आणि 3 ऑक्टोबर 1283 ला श्रूजबरीत त्याला हालहाल करून मारलं.

राहिली मुलं. काकाच्या दोन मुलग्यांना ब्रिस्टलच्या किल्ल्यात कोंडलं. मुलींना मारायचं नव्हतं, पण त्यांची लग्नं होऊन पोरं झाली असती तर ती उद्या वेल्सच्या गादीवर हक्क सांगत उभी राहिली असती. मग उपाय काय, तर नन करून टाका. ग्वेनलियनला इंग्लंडच्या पूर्वेकडे लिंकनशरमध्ये सेम्प्रिंगहमच्या मठात पाठवलं, तिच्या चुलत बहिणीला ग्लाडिसला त्याच भागात सिक्सहिल्सला. सेम्प्रिंगहम हा गिल्बर्ट नावाच्या संताने 1131 च्या सुमारास काढलेला मठ, इंग्लंडमध्येच जन्मलेला हा एकमेव पंथ, आणि तिथे नन्स आणि पुरुष संन्यासी एकाच आवारात पण भिंतीआड वेगवेगळे राहायचे. भिंत उंच होती आणि मुलगी पाळण्यातली होती, एडवर्डला याहून सुरक्षित जागा मिळाली नसती.

ती तिथेच मोठी झाली, तिथेच म्हातारी झाली, आणि 7 जून 1337 ला, वयाच्या 54 व्या वर्षी तिथेच गेली. तिसऱ्या एडवर्डने तिला वर्षाला वीस पौंड लावून दिले होते. मधल्या काळात 1301 मध्ये पहिल्या एडवर्डने "प्रिन्स ऑफ वेल्स" ही पदवी स्वतःच्या मुलाला देऊन टाकली होती, ती आजतागायत इंग्लंडच्याच घराण्यात आहे, आणि जिच्या बापाची ती पदवी ती पुढे छत्तीस वर्षं लिंकनशरमध्ये प्रार्थना म्हणत होती.

तिला ती कोण आहे हे माहीत होतं का?

कोण मुलगी आहे हे माहीत असावं, तिच्या वतीने केलेल्या पैशांच्या मागण्यांत तिच्या जन्माचा उल्लेख येतो. पण वेल्श तिच्या कानावर पडायची शक्यता फार कमी. कागदोपत्री तिचं नाव "वेंटलियान", "वेन्सिलियन" असं सापडतं. वर उच्चाराचं इतकं लांबण का लावलं ते आता कळलं असेल. तिच्या आसपास फ्रेंच आणि इंग्लिश बोलणारी माणसं, त्यांच्या तोंडात तो डबल एल बसणारच नाही. स्वतःचं नाव तिला नीट म्हणता येत नसावं असं वेल्समध्ये सर्रास बोललं जातं, सिद्ध करता येणार नाही, पण वेल्श आयांना आपल्या मुलीचं नाव शिक्षकांनी, डॉक्टरांनी नीट उच्चारावं याचा एवढा आग्रह का असतो ते यातून उमगतं.

तिचं काही स्मारक आहे का?

सेम्प्रिंगहमला मठ उरलेला नाही, पण तिथल्या सेंट अँड्र्यूजच्या चर्चजवळ शेतांच्या मधोमध तिच्या नावाचा दगड आहे. वेल्समध्ये मात्र अख्खं शिखर आहे. स्नोडोनियातल्या कार्नेदाय रांगेत वडील आणि काकाच्या नावांची शिखरं आधीपासून होती, कार्नेद ल्हवेलिन (1064 मीटर) आणि कार्नेद डाविद, शिवाय आईशी जोडलं जाणारं अर एलेन. मुलीचंच नव्हतं. 2009 मध्ये शेजारच्या 926 मीटरच्या कार्नेद इखावचं नाव कार्नेद ग्वेनलियन केलं. ट्रेकर मंडळींनी उन्हाळ्यात जावं, माथा खडकाळ आहे आणि धुकं कधी येईल सांगता येत नाही.

दोघींचंही वाईटच झालं, मग नाव अपशकुनी नाही का?

हाही आपला खास प्रश्न. यावर उत्तर म्हणजे पहिलीचा धाकटा मुलगा ऱ्हीस. आईचा शिरच्छेद झाला तेव्हा तो चार वर्षांचा, पुढे दक्षिण वेल्सचा सगळ्यात ताकदवान राजा झाला. 1176 च्या नाताळात त्याने कार्डिगनच्या किल्ल्यात कवी आणि वादकांच्या स्पर्धा भरवल्या, वेल्श लोक ज्याला आयस्तेद्वोद म्हणतात त्या संमेलनांची सुरुवात तिथून धरतात. या ऱ्हीसने स्वतःच्या मुलीचं नाव काय ठेवलं? ग्वेनलियन. तिचं लग्न झालं एडनिवेद विखनशी, जो थोरल्या ल्हवेलिनचा (दुसऱ्या ग्वेनलियनच्या वडिलांच्या आजोबांचा) दिवाण होता, आणि त्यांच्याच वंशातून पुढे ट्यूडर निघाले. 1485 मध्ये बॉसवर्थची लढाई जिंकून इंग्लंडच्या गादीवर बसलेला सातवा हेन्री हा त्या घरातला. म्हणजे किडवेलीला हरलेल्या बाईचा वंशज इंग्लंडचा राजा झाला. अपशकून म्हणायचं का ते तुम्ही ठरवा.

मग हे नाव मागे का पडलं?

त्याच ट्यूडरांमुळे, हा विनोदच आहे. आठव्या हेन्रीच्या काळात, 1536 आणि 1543 च्या कायद्यांनी वेल्स इंग्लंडला पूर्ण जोडलं, कोर्टकचेरीची भाषा इंग्लिश झाली आणि हळूहळू चर्चच्या रजिस्टरमध्ये मेरी, एलिझाबेथ, मार्गारेट, ॲन यांचीच गर्दी झाली. जुनी नावं खेड्यापाड्यांत तग धरून राहिली. विसाव्या शतकात भाषेची चळवळ उभी राहिली, वेल्श माध्यमाच्या शाळा निघाल्या, तसे लोक मुद्दाम जुनी नावं ठेवायला लागले.

"व्हेर्ख" आणि "अप" म्हणजे काय?

"ची मुलगी" आणि "चा मुलगा". जुन्या वेल्समध्ये आडनाव नसायचं, आपल्या मधल्या नावासारखं बापाचं नाव पुढे लागायचं. इंग्लिश आडनावांच्या सक्तीत अप ऱ्हीसचं प्राइस झालं, अप हवेलचं पॉवेल, अब ओवेनचं बोवेन.

ग्वेंडोलिन, ग्विनेव्हिअर, जेनिफर ही सगळी हीच का?

एकाच ग्वेनच्या घरातली, पण वेगळी नावं. ग्विनेव्हिअर म्हणजे वेल्शमधली ग्वेनहुइवार, आणि जेनिफर हे त्याचंच कॉर्नवॉलमधलं रूप. विनिफ्रेड म्हणजे ग्वेनव्रेवी. जाता जाता एक टिप: वेल्शमध्ये नावाच्या शेवटी "वेन" असेल तर मुलगी, "विन" असेल तर मुलगा. अमेरिकन लोक ब्रॉनवेनचं स्पेलिंग "विन" करतात तेव्हा वेल्श माणसाला ते पुरुषाचं नाव वाटतं.

घरी हाक काय मारतात?

ग्वेन, ग्वेनो. आणि एक फार गोड जुनं रूप आहे, ल्हियो. मला विचाराल तर ल्हियोच भारी, मागच्या अंगणातून आजीने "ल्हियोऽ" अशी हाक मारली की नुसती वाऱ्याची शीळ ऐकू येते आणि पोरगी तरी बरोबर धावत येते. आता ल्हियो स्वतंत्र नाव म्हणूनही ठेवतात.

मराठी घरात हे नाव ठेवलं तर कुणाला खटकेल का? आणि मराठीत लिहायचं कसं?

वेल्समध्ये जन्मलेल्या मुलीचं ठेवलंत तर उलट शेजारीपाजारी खूश होतात, फक्त उच्चार शिकून घ्या, नाहीतर तुमच्याच मुलीला मोठेपणी तुमची लाज वाटेल. तिथे जन्माची नोंद 42 दिवसांत करावी लागते, सरकारी नावांची यादी वगैरे काही नसते, आणि वेल्समध्ये दाखला इंग्लिशबरोबर वेल्शमध्येही करून मिळतो. स्पेलिंगमध्ये टोपी किंवा मात्रा नाही, त्यामुळे पासपोर्टला अडचण येत नाही, डबल एल मात्र डबलच ठेवा, भारतातल्या फॉर्मवर एक एल हमखास गळतो. मराठीत मी इथे वाचायला सोपं म्हणून ग्वेनलियन लिहिलंय. उच्चाराच्या जवळ जायचं असेल तर ग्वेन्ल्हिअन लिहा, दिसायला अवघड आहे, पण गावाकडची आजी वाचून म्हणेल ते लिंकनशरच्या मठातल्या कारकुनापेक्षा नक्की जवळचं असेल.